जर्मन व्हॅन, जपानी इंजिन: आधी पाण्याचं बघा

प्रश्न: आम्ही नवरा-बायको डर्बीत राहतो. शनिवार-रविवारी मेळावे आणि क्रिकेट क्लबांच्या मैदानांवर वडापाव-मिसळीची गाडी लावतो. गाडी १९८७ ची फोक्सवॅगन टी२५ पॅनेल व्हॅन. १.९ लिटर पेट्रोल, कार्ब्युरेटरवालं डीजी इंजिन, चार गिअर. इंजिनाच्या दोन्ही बाजूंनी पाणी पाझरतं. शिवाय सामान भरून पीक डिस्ट्रिक्टचा चढ लागला की दुसऱ्या गिअरवर यावं लागतं. ओळखीतल्या एकाकडे १९९३ ची सुबारू लेगसी २.२ आहे, मॅन्युअल गिअरची. बॉडी गंजलीय, पण इंजिन चालू आहे आणि तो अख्खी गाडी द्यायला तयार आहे. इंजिन बदलावं का? काय काय लागेल? कागदपत्रांचं काय? आणि मग लंडनच्या झोनचे पैसे वाचतील का? — एक वाचक, डर्बी

उत्तर: शेवटचा प्रश्न आधी निकालात काढू. नाही वाचणार. लंडनच्या यूलेझमध्ये, म्हणजे जास्त धूर सोडणाऱ्या गाड्यांकडून पैसे घेणाऱ्या झोनमध्ये, पेट्रोल गाडीला युरो ४ हे धुराचं मानक लागतं आणि १९९३ चं इंजिन त्याच्या जवळपासही नाही. चाळीस वर्षं झाली की ऐतिहासिक गाडी म्हणून सूट मिळते खरी, पण कॉफी किंवा खाद्यपदार्थ विकणाऱ्या गाड्या त्या सुटीतून स्पष्ट शब्दांत वगळल्या आहेत. म्हणजे २०२७ उजाडलं तरी लंडनमध्ये दिवसाचे साडेबारा पौंड भरावे लागणारच. त्या आशेवर इंजिन बदलू नका.

आता पाझरण्याचं. तुमच्या इंजिनात सिलिंडर हेडची दोन सीलं वेगवेगळी असतात. आतली धातूची रिंग जळणाचा दाब धरते आणि बाहेरचं जाड रबरी गॅस्केट पाणी धरतं. कूलंट वर्षानुवर्षं बदललं नाही किंवा चुकीचं भरलं की त्या रबराखाली हेडची ॲल्युमिनियमची कड खड्डे पडून कुरतडली जाते आणि पाणी बाहेर येतं. इंजिन मात्र व्यवस्थित चालत असतं. हेड आणि ब्लॉकच्या सांध्यावर पांढरट-निळसर ओघळ दिसत असतील तर दुखणं एवढंच आहे. हेड उतरवून कड तपासायची, खड्डे खोल असतील तर हेड बदलायचे, नवीन सीलं आणि योग्य कूलंट घालायचं की काम झालं. फक्त पाझरण्याची तक्रार असती तर आम्ही इथेच थांबायला सांगितलं असतं.

पण चढाची तक्रार हेड बदलून जाणार नाही. डीजीची ताकद ७८ अश्वशक्ती. तेल-तव्यासकट अडीच टनांच्या घरात जाणाऱ्या गाडीला ती कमीच पडते. लेगसीचं ईजे२२ सुमारे १३५ अश्वशक्तीचं आहे आणि टॉर्कही साधारण तिसऱ्या हिश्शाने जास्त. तेही आडव्या चार सिलिंडरचं, पाण्यावर थंड होणारं, वजनाला तुमच्या इंजिनाच्या आसपासचं आणि फिरतंही त्याच दिशेला. त्यामुळे गिअरबॉक्समधल्या क्राउन-पिनियनला हात लावावा लागत नाही. चढ रोजचा असेल आणि बॉडी खालून घट्ट असेल तर बदला, आमचा कौल त्याच बाजूने. २.५ लिटरचं ईजे२५ कोणी पुढे केलं तर मात्र नको म्हणा. हेड गॅस्केटच्या दुखण्यातून सुटण्यासाठी निघालात आणि हेड गॅस्केटसाठीच बदनाम असलेलं इंजिन बसवलंत असं व्हायला नको.

एक गोष्ट सुरुवातीलाच डोक्यात पक्की असू द्या. या कामात इंजिन बसवणं सोपं असतं. अर्धवट पडलेल्या गाड्या दिसतात त्या पाणी, चेंबर (इंजिनाखालचं तेलाचं भांडं) आणि वायरिंगपाशी अडकलेल्या. खर्चाचा अंदाज काढतानाही इंजिनाची किंमत शेवटी धरा. ॲडॉप्टर प्लेट (सुबारूचं इंजिन व्हॅनच्या गिअरबॉक्सला जोडणारी), फ्लायव्हील, क्लच सेट, फौंडेशनचा (इंजिन ज्यावर टेकतं तो) साचा, छोटं चेंबर, उलट्या दिशेचा पाण्याचा मॅनिफोल्ड, एक्झॉस्ट, इंधन पंप आणि होज पाइप यांचीच बेरीज मोठी होते.

इंजिन उतरवण्याआधी लेगसी चालवून घ्या. रेडिएटरचा पंखा सुरू होऊन बंद होईपर्यंत गरम करा, पाण्यात बुडबुडे येतात का बघा आणि ईसीयूतले (इंजिनाच्या कंप्युटरमधले) फॉल्ट कोड वाचून लिहून ठेवा. चारही सिलिंडरचं कॉम्प्रेशन ११-१२ बारच्या आसपास आणि एकमेकांच्या जवळ हवं. व्हॅनमध्ये गेल्यावर दोष सापडला तर तो इंजिनाचा की तुमच्या जोडणीचा हे कळायला मार्ग उरत नाही. मग गाडीतून इंजिनाबरोबर ईसीयू, पूर्ण वायरिंग हार्नेस (वायरींचा जुडगा), एअर फ्लो सेन्सर, कॉइल आणि तिचा इग्निटर, सगळे रिले, अल्टरनेटर ब्रॅकेटसकट, ऑक्सिजन सेन्सर आणि त्याच्या आट्यांचा एक्झॉस्टचा तुकडा काढा. प्रत्येक कनेक्टरला चिठ्ठी लावा. हार्नेस कुठेही कापू नका, डॅशबोर्ड तोडावा लागला तरी चालेल. गाडी मॅन्युअल आहे हे तुमचं नशीब. ऑटोमॅटिकचा ईसीयू गिअरबॉक्सच्या कंप्युटरची वाट बघत बसतो.

इंजिन बाहेर असतानाच करून घ्यायची कामं आहेत, कारण टी२५ च्या मागच्या पोटात ते गेलं की हात पोचत नाही. टायमिंग बेल्ट, टेन्शनर, आयडलर, पाण्याचा पंप, कॅम आणि क्रँकची पुढची सीलं एका झटक्यात बदला. ऑइल पंप उघडून त्याच्या मागच्या पत्र्याचे स्क्रू बघा. ते सैल होतात आणि प्रेशर पडतं. साफ करून लॉकिंग द्रव लावून आवळा. फ्लायव्हीलच्या मागे ऑइल सेपरेटरची प्लेट असते. ती प्लॅस्टिकची निघाली तर धातूची बसवा. प्लॅस्टिकची वाकते आणि नव्या क्लचवर तेल ठिबकतं. मागचं मोठं सील कोरडं असेल तर त्याला छेडू नका.

बेल्ट लावताना एक चूक हमखास होते. क्रँकच्या दातेरी पुलीवर एक ठळक बाण असतो आणि तिच्या मागच्या टॅबवर एक बारीक रेघ. जुळवायची ती रेघ, बाण नाही. बाण जुळवून बेल्ट चढवला तर इंजिन चालू होत नाही किंवा खोकत चालतं, आणि मग माणूस आठवडाभर वायरिंग उसवत बसतो. १९९३ च्या ईजे२२ मध्ये बेल्ट सरकला तरी व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटत नाहीत, हा दिलासा. १९९७ पासूनच्या इंजिनांना तो नाही.

गिअरबॉक्सकडे कानाडोळा करू नका. ७८ अश्वशक्तीवर कुरकुरणारा बॉक्स १३५ वर टिकणार नाही. तिसऱ्या-चौथ्यातून गिअर आपोआप सुटत असेल किंवा रेस सोडल्यावर घरघर येत असेल तर आधी तो खोला. तेल बदलताना भरायचा बोल्ट, १७ मि.मी. ॲलन, आधी सैल करून बघा. तो निघतो याची खात्री झाल्याशिवाय खालचा काढू नका.

ॲडॉप्टर प्लेट आणि फ्लायव्हील एकाच विक्रेत्याकडून घ्या. दोघांची जाडी एकमेकांवर बेतलेली असते आणि दोन ठिकाणचे तुकडे जमवले तर सेल्फचा दातेरी भाग रिंगवर नीट पोचत नाही. सेल्फ व्हॅनचाच राहतो, तो गिअरबॉक्सवर बसतो. सुबारूच्या क्रँकला फ्लायव्हीलचे आठ बोल्ट असतात. ते नवे घ्या, आडवे-उभे आलटून-पालटून ७२ न्यूटन-मीटरला आवळा. गिअरबॉक्सच्या शाफ्टचं टोक ज्यात बसतं ते पायलट बेअरिंग विसरू नका. क्लच, फ्लायव्हील ज्या मापासाठी ड्रिल केलंय त्याच मापाचा, बहुतेक वेळा २२८ मि.मी. इंजिन जोडताना शेवटचं बोटभर अंतर बोल्ट आवळून ओढायचा मोह होतो. थांबा. क्लच प्लेट मधोमध नसेल तर ती वाकते, आणि हे कळतं ते क्लच सुटत नाही तेव्हा. दोन्ही तोंडं हाताने भिडली पाहिजेत.

सुबारूचं मूळ चेंबर व्हॅनखाली फार लोंबतं. मेळाव्याच्या शेतात चाकोरीमधल्या उंचवट्यावर ते आपटणार हे गृहीत धरा. म्हणून उथळ चेंबर लागतं, दोन्ही बाजूंना पंखांसारखं पसरवून तेलाचं माप भरून काढलेलं, आत आडपडदे असलेलं. त्याच्याबरोबर तेल ओढणारी पिकअपची नळीही आखूड हवी. जुनी नळी ठोकून बसवली तर तिचं तोंड तळाला चिकटतं आणि तेल ओढलं जात नाही. बसवण्याआधी चेंबरच्या काठापासून तळापर्यंत आणि ब्लॉकच्या तोंडापासून पिकअपपर्यंत अशी दोन्ही मापं पट्टीने घ्या, आणि गॅस्केटची जाडी मोजून फट किती राहते ते काढा. जुन्या डिपस्टिकवर भरवसा नको. चेंबर बनवणाऱ्याने सांगितलेलं तेल मापून ओता, इंजिन फिरवून बंद करा, पाच मिनिटांनी काडी घाला आणि तिथे नवी खूण करा.

आता पाणी. इथेच जास्तीत जास्त इंजिनं जातात, म्हणून जरा सविस्तर. टी२५ चं इंजिन मागे आणि रेडिएटर पुढे. मधे गाडीच्या पोटाखालून लांबच लांब नळ्या, एकूण सोळा-सतरा लिटर पाणी. नळ्या प्लॅस्टिकच्या असतील तर त्यांची तोंडं वयाने ठिसूळ झालेली असतात. नव्या इंजिनाबरोबर स्टेनलेस स्टीलच्या घाला. सुबारूची पाण्याची तोंडं व्हॅनच्या दृष्टीने चुकीच्या बाजूला येतात, त्यासाठी तो उलट्या दिशेचा मॅनिफोल्ड.

खरी मेख थर्मोस्टॅटची आहे. ईजे२२ मध्ये तो खाली, पंपाच्या तोंडाशी, म्हणजे पाणी इंजिनात शिरतं तिथे असतो. त्याच्या आतल्या मेणाला गरम पाणी लागल्याशिवाय तो उघडत नाही, आणि ते गरम पाणी हीटर-बायपासच्या परतीतून येतं. टी२५ मध्ये हीटरला नळ आहे. उन्हाळ्यात तुम्ही तो बंद केलात आणि दुसरा बायपास ठेवला नसेल, तर इंजिन उकळायला लागलं तरी थर्मोस्टॅटभोवतीचं पाणी थंडच राहतं. मग तो एकदम उघडतो, काटा धाडकन खाली येतो, परत चढतो. काट्याचा असा झोपाळा दिसला की लोक रेडिएटर बदलतात, पंप बदलतात, हेडसुद्धा उतरवतात. उपाय एवढाच: वरच्या गरम बाजूकडून पंपाच्या हीटर-परतीच्या तोंडापर्यंत कायम उघडी राहणारी एक नळी, जिच्यात कुठेही नळ नाही. हीटर वेगळ्या फांदीवर घ्या. थर्मोस्टॅट अस्सल सुबारूचाच घ्या. बाजारातले काही आकाराने लहान असतात आणि पाणी कमी सोडतात.

हवा काढायला गाडीचं नाक साधारण ४० सेंटिमीटर उचला. हीटरचे नळ पूर्ण उघडे ठेवा, रेडिएटरच्या वरच्या कोपऱ्यातला स्क्रू सैल करा आणि अर्धं पाणी-अर्धं अँटिफ्रीझ मागच्या एक्सपान्शन टाकीत भरत राहा. इंजिन दोन हजार फेऱ्यांवर धरायला दुसरा माणूस लागेल. स्क्रूतून बुडबुडे थांबून सलग धार आली की तो आवळा. मॅनिफोल्डलाही वर हवा काढायचा स्क्रू असेल तर तोही. टाकीचं झाकण नवं घ्या, जुनं दाब धरत नाही.

इंधनाचं लवकर सांगतो. कार्ब्युरेटरचा पंप इथे निकामी. इंजेक्शनला अडीच ते तीन बार दाब देणारा पंप लागतो, तो टाकीजवळ आणि खाली बसवा, कारण असे पंप ढकलतात चांगलं, ओढतात वाईट. जास्तीचं पेट्रोल टाकीत परत नेणारी पुरेशी रुंद नळी हवी. तुमची टाकी कार्ब्युरेटरच्या गाडीची आहे, तिची तोंडं तपासा. अपुरी असतील तर इंजेक्शनवाली टाकी बसवा. सगळे रबरी होज आर ९ खुणेचे घ्या. ब्रिटनमध्ये सप्टेंबर २०२१ पासून साधं पेट्रोल ई१०, म्हणजे दहा टक्क्यांपर्यंत इथेनॉल मिसळलेलं आहे आणि जुनं रबर ते खातं. टी२५ ला आगी लागतात त्या बहुधा याच कारणाने. तुमच्या गाडीत तर मागे-पुढे गॅस सिलिंडरही असतील. इंजिनाच्या झाकणावर किंवा त्याच्या लगत सिलिंडर ठेवणं आजपासून बंद करा, इंजिन बदला अथवा नका बदलू.

वायरिंगला लोक घाबरतात, पण ते किचकट आहे, कठीण नाही. हार्नेस टेबलावर पसरा आणि लेगसीच्या वायरिंग डायग्रॅमशी ताडून दिवे, काचा, एसीच्या वायरी एकेक सोडवून काढा. शेवटी व्हॅनला जोडायला मोजक्याच उरतात: बॅटरीचा कायमचा प्लस, इग्निशनचा प्लस, सेल्फ फिरताना येणारा प्लस, इंधन पंप, टॅकोमीटर, चार्जिंगचा दिवा, ऑइलचा दिवा, चेक इंजिनचा दिवा आणि वेगाचा सिग्नल. टेस्ट मोडचे जोडकनेक्टर कापू नका, कोड वाचायला तेच कामी येतात. इनटेक मॅनिफोल्डवरचं अर्थिंग घासून, चकचकीत धातूवर आवळा. सेन्सर खराब असल्यासारखी लक्षणं पुष्कळदा तिथूनच येतात.

वेगाचा सिग्नल बहुतेक जण सोडून देतात. टी२५ चा स्पीडोमीटर पुढच्या डाव्या चाकातून केबलने फिरतो, म्हणून केबलवर बसणारा सेन्सर लावून ती वायर मागे ईसीयूपर्यंत न्यावी लागते. तो नसेल तर गाडी चालते, पण सिग्नलपाशी थांबताना इंजिन बंद पडतं, आणि गर्दीत ते फार वैताग आणतं.

ऑइल प्रेशरच्या स्विचमध्ये एक छुपा खड्डा आहे. व्हॅनचे स्विच १० मि.मी.च्या आट्यांचे, सुबारूचे निमुळते पाइपचे आटे. पहिल्या दोन फेऱ्या बसल्यासारख्या वाटतात, जोर लावला की ॲल्युमिनियमला चीर जाते. अडॉप्टर घ्या. डॅशबोर्डला ०.३ आणि ०.९ बार असे दोन स्विच लागतात. दुसरा लावला नाही तर दोन हजार फेऱ्यांवर बझर वाजत राहील. तापमानाच्या काट्यासाठीही व्हॅनचाच सेंडर मॅनिफोल्डवर बसवा. सुबारूचा त्या मीटरशी जमत नाही.

पहिल्यांदा चालू करण्याआधी कॉइलचा कनेक्टर काढून, पंपाचा फ्यूज उपसून सेल्फ मारा, ऑइलचा दिवा विझेपर्यंत. मग सगळं जोडून चालू करा आणि नजर पेट्रोलच्या नळ्यांवर ठेवा. शंभर मैलांनी प्रत्येक होज क्लिप आणि फौंडेशनचे बोल्ट पुन्हा आवळा. पुढचे ब्रेक त्याआधीच करून घेतलेले बरे. उतारावर अडीच टन थांबवायचं काम वाढलेल्या वेगाने आणखी जड होतं.

कागदपत्रं सोपी आहेत. डीव्हीएलएला (गाड्यांची नोंदणी करणाऱ्या सरकारी खात्याला) व्ही५सी, म्हणजे गाडीचं नोंदणीपत्र पाठवून इंजिन नंबर आणि घनक्षमता बदलून घ्या, सोबत इंजिनाची पावती आणि काम पाहिलेल्या गॅरेजचं लेटरहेडवरचं पत्र जोडा. नंबर ब्लॉकवर, वरच्या बाजूला, गिअरबॉक्स जोडतो त्या बेलहाउसिंगजवळ कोरलेला असतो. इंजिन आत जाण्याआधी फोटो काढून ठेवा. विमा कंपनीला काम सुरू करण्याआधी कळवा. न सांगितलेला बदल दावा फेटाळायला पुरेसा असतो, आणि तुमची पॉलिसी व्यवसायाची आहे. एमओटीत (गाडीच्या वार्षिक तपासणीत) धुराची कसोटी इंजिन आणि गाडी यांत जे जुनं त्याच्या काळाप्रमाणे होते, म्हणजे तुमच्यासाठी १९८७ ची: कार्बन मोनॉक्साइड ३.५ टक्के आणि हायड्रोकार्बन १२०० पीपीएम. नीट चालणारं इंजेक्शनचं इंजिन यात आरामात बसतं.

लेगसीचा सांगाडा मात्र घाईने विकू नका. एखादा रिले, एखादं ब्रॅकेट हमखास मागे राहतं. व्हॅन महिनाभर चालेपर्यंत तो खासगी जागेत ठेवा. सुटे भाग काढत असताना त्या गाडीचं सॉर्न, म्हणजे ती रस्त्यावर नसल्याची नोंद, केलेलं असावं लागतं. नंतर ती अधिकृत भंगार केंद्रातच द्या. इंजिन नसलेल्या गाडीसाठी ते उलट पैसे मागू शकतात, तेव्हा लेगसीच्या मालकाशी भाव ठरवताना तेवढं धरून बोला.